भूतकाळाचा परवाना

सोलापुरांत हुतात्म्यांचा चौक आहे. तेथें मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकृष्ण सारडा, जगन्नाथ शिंदे आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन यांचे पुतळे आहेत. या चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजीं येरवड्याच्या तुरुंगांत फांशी देण्यांत आली. त्या चौकांतून जात असतां एका विद्यार्थ्यानें मला विचारलें, "सर, कालयंत्र मिळालें तर आपण आदल्या रात्रीं तेथें जाल काय?" मीं तत्काळ 'जाईन' म्हणून उत्तर दिलें; परंतु घरीं पोहोंचेपर्यंत त्या उत्तराविषयीं माझी खात्री उरली नाहीं.

कालप्रवासाच्या कथांत अलीकडे एक नवें उपकरण शिरलें आहे. नुसतें यंत्र असून भागत नाहीं. त्यावर एक कुलूप असतें, आणि परवाना मिळाल्यावांचून यंत्र जागचें हालत नाहीं. वेल्सच्या १८९५ सालच्या कादंबरींत असलें कुलूप नव्हतें. तिचा नायक मनांत येतांच यंत्राच्या खोगिरावर बसतो आणि निघतो. पण तो निघतो भविष्याकडे. तिकडे पहारेकरी नसला तरी चालतें. तोंड मागें वळलें कीं मात्र दाराशीं कोणी तरी बसवावा लागतो. रैवत ककुद्मीची कथा वाचकांना ठाऊक असेलच. मुलगी रेवती हिच्यासाठीं वर कोणता पाहावा हें विचारावयास तो ब्रह्मलोकीं गेला, तेथें चाललेलें गायन संपेपर्यंत क्षणभर थांबला, आणि तेवढ्यांत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें उलटलीं. त्यानें मनांत योजिलेले सारे वर काळाच्या उदरांत गडप झाले होते. अशा वेळीं ब्रह्मदेवानें काय केलें? बलरामाचें नांव सुचविलें. 'जा, तुला मागें पाठवितों' असें साक्षात् सृष्टिकर्त्यासहि म्हणवलें नाहीं!

शास्त्रज्ञांचें मत अद्याप एक नाहीं. कुर्ट गोडेल यांनीं १९४९ सालीं आइन्स्टाइनच्या समीकरणांचें असें एक उत्तर काढून दाखविलें कीं, त्यांतील विश्वांत प्रवासी आपल्याच भूतकाळांत पोहोंचूं शकेल. उलट १९९२ सालीं स्टीफन हॉकिंग यांनीं निसर्गच असा प्रवास घडूं देत नसावा, असें अनुमान मांडलें. तें खरें असेल तर परवान्याचें खातें निसर्गानें कायमचें बंद ठेविलें आहे, आणि आमची चर्चा निष्फळ आहे. पण मनुष्याची नीति केवळ शक्य गोष्टींवर पारखली जाते असें थोडेंच आहे?

जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेंतील प्राध्यापक परवान्यावांचूनच दुसऱ्या इतिहासांत जाऊन पडतो. तेथें विश्वासरावांना लागावयाची गोळी निसटून जाते व मराठे पानिपत जिंकतात. मराठी वाचक सुखावतो. मला मात्र त्यांतली सभा आठवते. व्यासपीठावरील अध्यक्षांची खुर्ची रिकामी पाहून गंगाधरपंत संवयीनें तींत जाऊन बसतात, आणि श्रोते खवळतात. कारण त्या जगानें अध्यक्ष ही संस्थाच मोडीत काढलेली असते. (आम्हां प्राध्यापकांना खुर्चीचा मोह अंमळ जास्तच!)

आतां सोलापूर घ्या. १२ मे १९३० रोजीं येथें लष्करी कायदा पुकारला गेला. त्या वेळीं असें यंत्र असतें तर त्याची किल्ली माझ्या हातीं असती काय? ती सरकारच्या हातीं असती. जें कुलूप मला ११ जानेवारीच्या रात्रीं सोडील, तेंच त्या अधिकाऱ्याला ८ मेच्या दंगलीपूर्वींच्या पहांटे सोडील, आणि तो त्या चौघांना घरांतूनच उचलून नेईल.

कोणी म्हणेल, त्यांच्या बलिदानानें देश जागा झाला, तेव्हां तें पुसूं नये. हा युक्तिवाद मला किळसवाणा वाटतो. दुसऱ्याच्या मरणाचा हिशेब आपल्या लाभाच्या वहींत मांडण्याचा अधिकार आम्हांला कोणीं दिला? माझी अडचण निराळी आहे. त्या दिवसानंतर जीं माणसें जन्मलीं, तीं त्या घडलेल्या जगांतून जन्मलीं. एक दोरी तोडली कीं भेटी बदलतात, विवाह बदलतात. जन्मास न आलेल्याला जन्माचा हक्क नसेल; परंतु आज जो श्वास घेत आहे त्याला न विचारतां पुसून टाकणें, हाहि खूनच. आणि विचारावयाचें तर सर्वांनाच विचारावें लागेल. म्हणजे परवाना कोणालाच नाहीं.

इतकें सरळ झाल्यावर मीं विद्यार्थ्याला 'जाणार नाहीं' असें सांगावयास हवें होतें. तें अद्याप सांगितलेलें नाहीं. कारण त्या रात्रीं एखादी आई दारांत येऊन किल्ली मागूं लागली, तर हा युक्तिवाद तिला वाचून दाखविण्याचें धैर्य मला होणार नाहीं. मी कुलूप काढून बाजूला उभा राहीन. माझी दोन्हीं मुलें त्या वेळीं आंतल्या खोलींत निजलेलीं असतील.