वाचनाची फेरपालट

आमच्याकडे उसाला पाणी बहुतेक वेळा रात्रीच द्यावं लागे, कारण वीज रात्रीची असायची. वडील शेतात निघायचे ते तीन वस्तू घेऊन : फावडं, बॅटरी आणि कापडी पिशवीत गुंडाळलेलं एक पुस्तक. सरीत सोडलेलं पाणी दुसऱ्या टोकाला पोचेपर्यंत जो वेळ मिळे, तो त्यांच्या वाचनाचा. सरी भरली की पुस्तक बांधावर पालथं ठेवून उठायचे, एक तोंड बांधायचे, दुसरं फोडायचे आणि परत येऊन त्याच ओळीवर बोट ठेवायचे. मी सोबतीला असायचे. उसाच्या सळसळीत वडील एकटेच मोठ्यांदा हसले की समजायचं, आज चिमणराव आहे. पान न उलटता कितीतरी वेळ तसेच बसून राहिले, तर पानिपत आहे.

त्यांच्या लोखंडी पेटीत ज्ञानेश्वरीशेजारी कृषी विद्यापीठाची ‘कृषिदर्शनी’ होती, तिच्याखाली चिं. वि. जोशींचा चिमणराव आणि त्याखाली त्र्यं. शं. शेजवलकरांचं पानिपतवरचं पुस्तक. हे सगळं एकाच माणसाला का लागतं, हा प्रश्न मला फार उशिरा पडला. त्याचं उत्तर मला राहुरीच्या मातीनंच दिलं.

1968 साली राज्यातलं पहिलं कृषी विद्यापीठ स्थापन झालं, तेच आज आमच्या राहुरीत महात्मा फुल्यांच्या नावानं उभं आहे. मुळा धरणाचं पाणी आलं, ऊस आला, पैसाही आला. त्याबरोबर एक धडाही आला. उसानंतर ऊस, खोडव्यावर खोडवा घेत गेलं आणि पाणी बेसुमार दिलं, की जमीन थकते, पुढे चोपण होते. खोडवा, म्हणजे तोडलेल्या उसाच्या बुडख्यांतून पुन्हा फुटणारं पीक, मुळात वाईट नाही. बेणं आणि लागवडीचा खर्च वाचतो. पण दरवर्षी तेच घेत गेलं की उतारा घसरत जातो. म्हणून मध्ये हरभरा घ्यायचा, ताग पेरून फुलोऱ्यात गाडायचा. हरभऱ्याच्या मुळांवरच्या गाठींतले जिवाणू हवेतला नत्र जमिनीत आणतात. हरभरा निघून जातो, पण त्यानं मागे ठेवलेलं पुढच्या पिकाला मिळतं.

वाचनातल्या विविधतेबद्दल मला नेमकं हेच म्हणायचं आहे. वेगवेगळी पुस्तकं वाचायची ती बहुश्रुत दिसण्यासाठी नाहीत. एक पुस्तक मनात जे ठेवून जातं, त्यावर दुसरं उगवतं. आवडत्या लेखकाचंच पुढचं पुस्तक आणि मग त्याच्यासारख्याच लेखकाचं, हा वाचनाचा खोडवा आहे. त्यात सुख आहे, पण जमीन थकते आहे हे आपल्याला कळत नाही.

युद्धाच्या इतिहासाचंच घ्या. शेतकऱ्याच्या घरात तो कशाला, असं कुणाला वाटेल. पण 14 जानेवारी 1761 ची पानिपतची लढाई तलवारीच्या खूप आधी दाण्या-वैरणीवर लढली गेली. ऑक्टोबर 1760 मध्ये मराठ्यांनी कुंजपुरा जिंकला, तिथलं धान्य हाती आलं. त्यानंतर अहमदशहा अब्दाली बागपतजवळ यमुना उतरून आला आणि मराठी सैन्याची दिल्लीकडची, दक्षिणेकडची वाट तुटली. लढणाऱ्यांबरोबर बायका-मुलं, यात्रेकरू आणि बाजारबुणगे होते. डिसेंबरात रसदेची धडपड करणारे गोविंदपंत बुंदेले मारले गेले. छावणी उपाशी पडली. हे सगळं आधी होऊन गेलं आणि मग लढाईचा तो दिवस उजाडला.

वडील गेल्यावर त्यांचं पानिपतचं पुस्तक उघडलं, तेव्हा रसदेच्या पानाच्या समासात पेन्सिलीनं मांडलेलं गणित दिसलं : जनावरं किती, रोजच्या पेंढ्या किती, कडबा किती दिवस पुरेल. ते गणित मराठ्यांचे सेनापती भाऊसाहेब यांच्या घोड्यांचं नव्हतं. आमच्या गोठ्यातल्या जनावरांचं होतं. दुष्काळात दावणीची जनावरं चारा छावणीत नेऊन बांधलेल्या माणसाला पानिपत कळायला सेनापती असावं लागत नाही. आणि पानिपत वाचलेल्या माणसाला पुढच्या उन्हाळ्याचा कडबा दिवाळीतच मोजावासा वाटतो. शेतानं इतिहास समजावला, इतिहासानं शेत. ही ती मुळांवरची गाठ.

युद्धाला दुसरीही बाजू असते. वरसईचे गोडसे भटजी दानदक्षिणेच्या आशेनं उत्तरेत गेले आणि 1857 च्या धामधुमीत सापडले. त्यांचा ‘माझा प्रवास’ 1907 साली छापला गेला. त्यात झाशीचा वेढा आहे, पण पाहणारे डोळे जीव मुठीत धरून बसलेल्या साध्या माणसाचे आहेत. शेजवलकर युद्धाचा नकाशा समोर उलगडतात. त्या नकाशावर कोण राहत होतं, हे गोडसे भटजी सांगतात. यातलं एकच वाचलं तर युद्ध अर्धंच समजतं.

आणि विनोद? आपल्याकडे तो फावल्या वेळचा मानतात. पण चिमणराव घडवणारे चिं. वि. जोशी बडोद्याला पाली शिकवत होते, बुद्धाच्या शिकवणीवर लिहीत होते. माणसाच्या हव्यासाकडे करुणेनं पाहायला शिकलेली नजरच चिमणरावाकडे वळली, असं मला वाटतं. पु. लं.चा ‘मराठी वाङ्मयाचा गाळीव इतिहास’ वाचताना हसू आवरत नाही, पण पूर्ण रंगतो तो मूळ वाङ्मय वाचलेल्यालाच. विनोद समजायला गंभीर वाचन लागतं; आणि ज्याला हसता येत नाही, त्याच्या गंभीर वाचनाचा हट्ट व्हायला वेळ लागत नाही.

लक्ष्मीबाई टिळक आमच्या राहुरीत राहिल्या होत्या. शाळेचं तोंड न पाहिलेल्या या बाईंची ‘स्मृतिचित्रे’ 1934 ते 1936 या काळात प्रसिद्ध झाली. त्यांत दुःख आणि हसू एकाच पानावर नांदतात. याच बाईंनी पती रेव्हरंड टिळकांचं अपुरं राहिलेलं काव्य ‘ख्रिस्तायन’ पुढे 64 अध्याय लिहून पुरं केलं. मनाला एकच पीक घेण्याची सक्ती नसते, याचा याहून जवळचा दाखला मला देता येणार नाही.

विद्यापीठाला ज्यांचं नाव आहे, त्या फुल्यांकडे तर मी पुन्हा पुन्हा वळते. तरुणपणी त्यांनी थॉमस पेन वाचला. 1869 मध्ये शिवरायांचा पवाडा रचला, 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ लिहून ती गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकी लोकांना अर्पण केली. आणि 1883 च्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये त्यांनी सुचवलं, की सरकारनं लष्करातल्या शिपायांना आणि जादा पोलिसांना कामाला लावून ताली-बंधारे घालावेत, म्हणजे पावसाचं पाणी शेतात मुरेल. फौज आणि बांध या दोन गोष्टी एका वाक्यात आणायला दोन्हींचा विचार एकाच डोक्यात व्हावा लागतो. फक्त शेतीचं किंवा फक्त राज्यकारभाराचं वाचणाऱ्याला हे सुचलं नसतं.

‘वेळ कमी, पुस्तकं अमाप, मग एकाच विषयात खोल का जाऊ नये?’ हा आक्षेप मला मान्य आहे. खोल जावंच. आमच्याकडेही मुख्य पीक ऊसच आहे. फेरपालट म्हणजे मुख्य पीक सोडणं नव्हे. म्हणून मी एक साधा नेम ठेवला आहे : तीन पुस्तकांमागे एक आपल्या आवडीचं, एक आपल्या कामाचं आणि एक असं, की ज्याच्या कपाटापाशी आपण कधी थांबत नाही. ते तिसरं पुस्तक पन्नास पानं तरी वाचायचं; नाही रुचलं तर मोकळ्या मनानं परत करायचं.

ग्रंथालयशास्त्रज्ञ रंगनाथन यांनी 1931 साली ग्रंथालयाचे पाच नियम मांडले. प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक मिळावं आणि प्रत्येक पुस्तकाला त्याचा वाचक, हे त्यांतले दोन. हे साधायचं तर वाचकाला कपाटापर्यंत जाऊ दिलं पाहिजे. खिडकीतून नाव सांगून पुस्तक मागणारा आधी माहीत असलेलंच नाव सांगतो. महाबळेश्वरजवळच्या भिलारला 2017 पासून पुस्तकांचं गाव आहे. तिथं घराघरांत वेगवेगळ्या विषयांची पुस्तकं आहेत. विनोदाच्या घरातून निघून इतिहासाच्या घरी जाता येतं. तालुक्याच्या वाचनालयात दोन कपाटांमधली चार पावलं तेच काम करतील, फक्त कपाटाचं कुलूप निघायला हवं. दिवाळी अंकही शतकाहून अधिक काळ हेच करत आला आहे. कथेसाठी हातात घेतलेला अंक लेखावर उघडतो.

आता आमच्या उसाला ठिबक आहे. सरी भरेपर्यंत बांधावर बसायचं कारण राहिलेलं नाही. तो रिकामा वेळ मोबाइलनं घेतला आणि मोबाइल काल जे पाहिलं त्याच्यासारखंच आज पुढे करतो. खोडव्यावर खोडवा, तोही न मागता. पूर्वी वाचनालयात जे असेल ते घरी यायचं, त्यात आपोआप फेरपालट व्हायची. आता ती आपणच करायला हवी.

म्हणून रात्री जेवणं झाली की मी फोन दुसऱ्या खोलीत ठेवते आणि पेटी उघडते. वर काय आहे ते बघत नाही. मधे हात घालते आणि एक सरी भरण्याइतका वेळ वाचते.