शंभराव्या तबकडीनंतर

संस्था सुरू कशी करावी हे सांगणारे पुष्कळ भेटतात. ती बंद केव्हा करावी हे सांगणारा विरळा. आरंभाला आपल्याकडे मुहूर्त असतो, नारळ असतो, अध्यक्षांचे भाषण असते. शेवटाला मात्र कोणताच विधी नाही. बहुतेक संस्था एकाएकी मरत नाहीत, त्या झिजत जातात. प्रथम सभासद कमी होतात, मग वर्गणी थकते आणि अखेर कपाटाची किल्ली कोणापाशी आहे हेही कोणास आठवत नाही. चांगले चाललेले काम कोणतीही आपत्ती आलेली नसता स्वहस्ते संपविणे, हा विवेक म्हणावा की अविचार? एका चिमुकल्या आणि काहीशा विक्षिप्त इंग्रजी ध्वनिमुद्रिका-संस्थेचा इतिहास वाचताना हा प्रश्न माझ्यापुढे उभा राहिला.

इंग्लंडच्या नैर्ऋत्येस ब्रिस्टल नावाचे बंदराचे शहर आहे. तेथे 1987 साली क्लेअर वॉड आणि मॅट हेन्स या दोन तरुणांनी ‘सेरा रेकॉर्ड्स’ ही संस्था काढली. तत्पूर्वी दोघेही संगीतप्रेमींसाठी घरगुती नियतकालिके काढीत असत. लिहिणारे तेच आणि विकणारेही तेच. नवी संस्थाही घरातूनच चाले. पुरुषांचा वरचष्मा असलेल्या त्या धंद्यात त्यांनी संस्थेला नाव दिले ते एका स्त्रीचे. लंडनचे आकर्षण त्यांना नव्हते. त्यांच्या निवडक गीतांच्या संग्रहांना ब्रिस्टल आणि आसपासच्या रस्त्यांची, पुलांची, वस्त्यांची नावे आहेत. मुख्य माल म्हणजे दोन-तीन गाण्यांची सात इंची तबकडी. सोबत कधी एखादे भित्तिचित्र, कधी पत्रासारखा मजकूर. मोठी संगीत साप्ताहिके त्यांच्या हळव्या गाण्यांची अनेकदा टवाळी करीत.

या दोघांचा एक आग्रह मला विशेष महत्त्वाचा वाटतो. त्या व्यवसायात एकच गाणे प्रथम सात इंची तबकडीवर, मग अधिक किमतीच्या बारा इंची तबकडीवर आणि पुन्हा मोठ्या संग्रहात घालून एकाच रसिकाला तीनदा विकण्याची रीत रूढ होती. सेराच्या चालकांना ही रसिकाच्या प्रेमाची लूट वाटे. म्हणून लहान तबकडीवरील गाणी ते सहसा बँडच्या मोठ्या संग्रहात घालीत नसत आणि बारा इंची आवृत्ती टाळीत. हा नियम निरपवाद राहिला नाही. 1991 मध्ये ‘फील्ड माइस’ या बँडचे एक दीर्घ गीत त्यांनी बारा इंची तबकडीवर काढलेच. तथापि अपवाद लक्षात राहावा, इतका तो नियम खरा होता.

प्रत्येक प्रकाशनाला ते क्रमांक देत. काही क्रमांक त्यांनी स्वतःच्या छोट्या नियतकालिकांना दिले. पन्नासावा तर सोंगट्या-फाशांच्या एका पटाला दिला. ऑगस्ट 1995 मध्ये शंभरावा क्रमांक आला. तो होता एक संग्रह, ब्रिस्टलच्या एका गल्लीचे नाव धारण करणारा. मोठी जाहिरात देऊन त्यांनी संस्था संपल्याचे जगास कळविले, ब्रिस्टलच्या बंदरातील एका नौकेवर निरोपाचा जलसा केला आणि दुकान बंद केले. दिवाळे निघाले नव्हते, भांडण झाले नव्हते.

याच्या उलट उदाहरण मँचेस्टरच्या ‘फॅक्टरी’ या संस्थेचे. 1978 साली निघालेली ही संस्थाही विक्षिप्तच. तिने आपल्या नृत्यगृहाला क्रमांक दिला, तेथील मांजरालाही दिला. 1992 मध्ये ती कर्जात बुडाली. पण क्रमांक थांबले नाहीत. तिचे एक संस्थापक टोनी विल्सन 2007 मध्ये निवर्तले, तेव्हा त्यांच्या शवपेटिकेवरही क्रमांक पडला: 501. एकाने संख्येची मर्यादा स्वतः मानली. दुसऱ्याची संख्या मृत्यूनंतरच थांबली.

आता आक्षेप. संस्था केवळ संस्थापकांची असते काय? तिच्या आश्रयाने गाणाऱ्यांचे काय, पुढील तबकडीची वाट पाहणाऱ्या दूरच्या श्रोत्याचे काय? आक्षेप रास्त आहे. दुसऱ्याच्या डोक्यावरचे छप्पर आपल्या तत्त्वासाठी उतरविण्याचा अधिकार कोणासही नाही. परंतु येथे छप्पर फार मोडले असे दिसत नाही. ‘हेवनली’ या बँडचा पुढचा संग्रह 1996 मध्ये दुसऱ्या संस्थेने काढला. हेन्स यांनीही त्यानंतर नवी संस्था उभारली. दुसरा आक्षेप असा की, जाहिरात आणि जलसा करून संपणे यात अहंकार आहे. असेल. पण कोणत्याही किमतीवर चालू राहण्याच्या हट्टात जो अहंकार असतो, त्याला आपण निष्ठा म्हणतो आणि त्याचा सत्कारही करतो.

मला वाटते, या प्रश्नाचे उत्तर किमतीच्या त्या नियमातच आहे. जिला केवळ टिकायचे असते, ती संस्था एकच गाणे तीनदा विकण्याचा मोह फार काळ आवरू शकत नाही. ‘आपण टिकलेच पाहिजे’ हा एकदा पहिला नियम झाला की बाकीचे नियम एकेक करून त्याच्या सेवेला लागतात. सेराच्या चालकांनी अधिक पैसा सोडून नियम राखला, म्हणूनच अस्तित्व सोडून काम पूर्ण झाले असे म्हणण्याचे बळ त्यांच्या अंगी आले. दोन्ही त्याग एकाच वृत्तीचे आहेत.

आपण सरकारी चाकरीतील माणसे. आपला शेवट जन्मतारखेवरून ठरतो आणि टेबल सोडताना अर्धवट फायली दुसऱ्याच्या हवाली होतात. त्यात लाज नाही. राज्ययंत्र अखंड चालावे हाच त्याचा हेतू आहे. परंतु कचेरीबाहेर परमुलखात आपण जी मंडळे, वाचनालये, भजनी सभा उभ्या करतो, त्यांना तो न्याय लागू नाही. तेथे वर्षातून एकदा तरी विचारावे: हे काम अजून कोणासाठी चालले आहे? उत्तर मिळाले तर आनंदाने चालवावे. न मिळाले तर शेवटचा हिशेब मांडावा, पुस्तके गरजूंना द्यावीत, एक चांगला कार्यक्रम करावा आणि किल्ली मालकाच्या हाती देऊन घरी जावे.