परवा

मराठीत ‘परवा’ हा शब्द दोन्ही दिशांना चालतो. परवा आला होता, परवा येणार आहे. शब्द तोच, काळ ठरवतं ते क्रियापद. दारात चपला शोधत असलेला माणूस फोनवर ‘निघालो’ म्हणतो तेव्हा तो अजून घरातच असतो, आणि ऐकणाऱ्याला त्यात काही वावगं वाटत नाही. काळाशी एवढी सलगी आपण करतो, कारण पायाखालची जमीन पक्की आहे असा भरवसा असतो. आधी ठेच, मग रक्त. आधी पेरणी, मग पीक.

खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉयल यांनी १९६६ साली एका कादंबरीत ही जमीनच फाडून दाखवली. ‘ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट’ हे तिचं नाव. पृथ्वीच्या निरनिराळ्या तुकड्यांवर निरनिराळे काळ एकाच वेळी सुरू होतात. ब्रिटन आणि हवाई बेटं १९६६ मध्येच राहतात. समुद्र ओलांडून फ्रान्समध्ये जावं तर तिथे १९१७ चालू आहे, खंदकांत पोरं मरताहेत. ग्रीसमध्ये इ. स. पू. ४२५, आणि गोष्ट सांगणारा संगीतकार तिथे चक्क पियानो घेऊन जातो. अमेरिकेत अठरावं शतक. रशियाच्या जागी काचेसारखं गुळगुळीत पठार, म्हणजे फार फार पुढची पृथ्वी.

ते पठार वाचताना मी घाबरलो नाही. घाबरलो ते त्या समुद्राला. डोव्हरच्या सामुद्रधुनीत सर्वांत अरुंद जागी जेमतेम ३३ किलोमीटर पाणी आहे. अलीकडच्या काठावर सत्तरीची एक बाई. तिचा नवरा १९१७ मध्ये तिकडे पडला. तिने त्याच्यासाठी रडून घेतलं, पुढे दुसरा संसार केला, नातवंडं खेळवली. पलीकडे तो बाविशीचा आहे, जिवंत आहे आणि उद्या पहाटेच्या हल्ल्यात मरणार आहे. तिने बोटीत बसावं का? त्याला वाचवलं, तर तिने काढलेल्या ४९ वर्षांचं काय करायचं? हॉयल यांनी ही बाई लिहिलेली नाही. पुस्तक मिटल्यापासून ती मला दिसते आहे.

हॉयल गंमत करत नव्हते. कथेतलं बरंचसं विज्ञान हा नुसता सांगाडा आहे, पण काळ आणि जाणीव यांबद्दलची चर्चा गंभीरपणे केली आहे, असं त्यांनी प्रास्ताविकातच बजावलं आहे. त्या गंभीरपणामागे जे काम होतं त्यात आपले जयंत नारळीकर त्यांच्याबरोबर होते. नारळीकर केंब्रिजमध्ये हॉयल यांच्या हाताखाली संशोधन करत असताना दोघांनी एक जुना पेच हाती घेतला. विद्युतभाराचा वेग बदलला की लहरी उठतात. समीकरणं म्हणतात, त्या दोन प्रकारच्या असू शकतात. एक नंतर पोचणारी, दुसरी आधीच पोचलेली. मग आपल्याला फक्त पहिलीच का भेटते? बटण दाबण्याआधी दिवा का लागत नाही? व्हीलर आणि फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञांनी १९४५ मध्ये उत्तर सुचवलं होतं, की उरलेलं सगळं विश्व त्या लहरींना प्रतिसाद देतं आणि त्या प्रतिसादात आधीची लहर पुसली जाते. हॉयल-नारळीकरांनी पुढचं विचारलं: हे पुसणं योग्य बाजूने होण्यासाठी विश्व कसं असायला हवं? त्यांच्या गणितात स्थिर स्थितीचं, म्हणजे प्रसरण पावतानाही सदैव सारखंच राहणारं विश्व या परीक्षेत उतरलं, महास्फोटाची प्रचलित प्रारूपं उतरली नाहीत. पुढे निरीक्षणं स्थिर स्थितीच्या विरोधात गेली, हे खरं. तरी तो प्रश्न मला अजून हलवतो. आज माझ्या खोलीत कारण आधी आणि कार्य नंतर येतं, त्याला दूरच्या भविष्यातल्या विश्वाची साथ लागते, असं ते गणित म्हणतं!

कादंबरीतला शास्त्रज्ञ जॉन सिंक्लेअर याहून पुढे जातो. तो कप्प्यांचा दाखला देतो. टपालखात्यात पत्रं लावायचे असतात तसे ओळीने कप्पे, प्रत्येकात एका क्षणाची टिपणं. मागच्या कप्प्यांची माहिती बरीच नेमकी, पुढच्यांची अंधूक. जाणिवेचा उजेड कुठल्याही कप्प्यावर, कुठल्याही क्रमाने पडू दे. आतल्याला आपण ओळीनेच चाललो आहोत असं वाटणार. म्हणजे काळ वाहतच नाही, फक्त तसं भासतं.

याला तर्काने उत्तर मला देता येत नाही. मला माझी मावशी आठवते. शेवटची दोन वर्षं तिचा उजेड भलत्या कप्प्यावर पडत होता. संध्याकाळ झाली की विचारायची, “हे आले नाहीत अजून?” ह्यांची गिरणीत दुसरी पाळी. ह्यांना जाऊन अठरा वर्षं झाली होती. पहिल्यांदा आम्ही खरं सांगितलं. ती त्या दिवशीच गेल्यासारखी रडली. दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं, पुन्हा सांगितलं, पुन्हा तेच. एकाच माणसाचं मरण तिच्या माथी आम्ही तीनदा मारलं.

तिच्या कप्प्यात सगळं ओळीने होतं, सिंक्लेअरचं तेवढं खरं. पाळी, उशीर, निवत चाललेली भाकरी. पण विचारत होती ती आम्हाला, आणि आमच्या कप्प्यात ते माणूस नव्हतं. उत्तर कुणीतरी द्यायलाच हवं होतं. कार्यकारणभाव शास्त्रज्ञांना समीकरणात सापडो न सापडो, माणसांत तो इथे असतो: काल आपण काय बोललो याला आज आपणच बांधलेले असतो. त्या डोव्हरच्या बाईच्या दोन्ही काठांवर असं बांधलेपण आहे, आणि दोन्ही खरी आहेत. तिची सुटका कुठल्याच बोटीत नाही.

चौथ्या दिवशी मावसबहीण म्हणाली, “येतील गं, आज उशीर होईल म्हणाले होते.” मावशी शांत झाली. ताटाखाली भाकरी झाकली, वर पाण्याचा तांब्या ठेवला आणि दाराकडे तोंड करून बसली. काळ तिचा चुकला होता, वाट बघायची दिशा चुकली नव्हती. ती झोपल्यावर आम्ही ताट उचलायचो. भाकरी टाकवत नसे. मी आणि बहीण ती अर्धी अर्धी खायचो, आणि सकाळी ताट धुतलेलं दिसलं की मावशी विचारायची, “जेवले ना नीट?”