निवाडा कोणाच्या अब्रूचा?

करवीरच्या गादीवरील चौथे शिवाजी महाराज वेडे आहेत असे इंग्रज सरकारने ठरविले, तेव्हा त्या विशीच्या उंबरठ्यावरील राजाचा कारभारावरील हक्क तर गेलाच. परंतु स्वतःविषयी काही सांगण्याचा अधिकारही त्याच हुकुमाने खालसा झाला, कारण वेड्या ठरलेल्या माणसाने छळाची कैफियत मांडली, तर ती कैफियत न राहता रोगाचे लक्षण ठरते. ‘केसरी’ आणि ‘मराठा’ यांनी महाराजांची बाजू घेतली, दिवाण माधवराव बर्वे यांनी अब्रूनुकसानीची फिर्याद केली, आधाराला घेतलेली पत्रे बनावट निघाली, आणि १८८२ साली टिळक-आगरकरांनी डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस काढले. हे आपण अभिमानाने सांगतो. पण तो खटला दिवाणांच्या अब्रूचा होता, महाराजांच्या मनाचा निवाडा त्यात व्हावयाचाच नव्हता. २५ डिसेंबर १८८३ रोजी अहमदनगरच्या किल्ल्यात, ग्रीन नावाच्या गोऱ्या शिपायाशी झालेल्या झटापटीत महाराजांचा अंत झाला.

हुकुमाने जे साधले, ते पुढील शतकाने शस्त्राने साधले. लिस्बनच्या एगास मोनिझ यांनी १९३५ साली मनोविकारावर मेंदूची शस्त्रक्रिया आरंभिली, आणि १९४९ साली त्याबद्दल त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. मधल्या काळात, १९४१ साली, अमेरिकेतील केनेडी घराण्याच्या तेवीस वर्षांच्या रोझमेरीवर वडिलांच्या संमतीने हीच क्रिया झाली: तिला शुद्धीवर ठेवून बोलावयास लावले होते, आणि बोलणे असंबद्ध होताच शस्त्र थांबले. वाणी तुटणे, हीच काम पुरे झाल्याची खूण! ती उर्वरित आयुष्य परावलंबी राहिली.

रोगही माणसाला त्याच्यापासून हिरावून नेतो आणि आप्तांची हलाखी खोटी नसते, हे मान्य केलेच पाहिजे. म्हणूनच अशा वेळी शांत झालेला रोगी बरा झालेला वाटू लागतो. आपल्याकडील २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याच्या कलम ९६ ने, खुद्द रोग्याची समजून-उमजून दिलेली संमती आणि त्याच कायद्यानुसार नेमलेल्या मंडळाची मंजुरी असल्याखेरीज अशी शस्त्रक्रिया निषिद्ध केली, हे योग्यच झाले. तथापि डॉक्टरांनी रोग्याला विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर आपणच परस्पर देऊन टाकतो, तेव्हा त्याच्या साक्षीचा हक्क आपण कोणत्या अधिकाराने काढून घेतो? त्याचे म्हणणे चुकीचे असेल, भ्रमिष्टही असेल. तरी ते आधी ऐकून मगच त्याच्याविषयी बोलावे, हे कर्तव्य कायद्याचे नव्हे, घरच्यांचे आहे.