नृगाची गाय आणि वसुलीचा आदेश

चुकून जास्त मिळालेला, पण घेणाऱ्याने आपलाच समजून खर्च केलेला पगार हे त्याच्या डोक्यावरचे ऋण ठरते का? हा प्रश्न यवतमाळच्या एखाद्या तहसील कार्यालयातल्या लिपिकापुढे सहसा निवृत्तीच्या तोंडावर उभा राहतो. त्याचे सेवापुस्तक अमरावतीच्या वेतन पडताळणी पथकाकडे जाते आणि कधीकधी आक्षेप लागून परत येते: अमुक वेतनवाढ टंकलेखनाचे प्रमाणपत्र मिळण्याआधीच दिली, किंवा आश्वासित प्रगती योजनेचा लाभ चुकीच्या तारखेपासून धरला. सातव्या वेतन आयोगाच्या एस-6 स्तरात 19,900 आणि 20,500 या लागोपाठच्या टप्प्यांत फरक 600 रुपयांचाच. दहा वर्षांचे मात्र मूळ वेतनावरच 72 हजार होतात, महागाई भत्ता वेगळा. ग्रॅच्युइटीतून वसुलीचा आदेश निघाला, की महसूलचा कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या (मॅट) नागपूर खंडपीठात धाव घेतो आणि जिल्हा परिषदेचा उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात.

तिथे त्याचा आधार असतो सर्वोच्च न्यायालयाचा 18 डिसेंबर 2014 चा रफिक मसीह खटल्यातला निकाल. वर्ग 3 आणि 4 चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम मिळालेले, अशांकडून वसुली करू नये, असे त्यात म्हटले आहे. निकाल मला मान्य आहे, त्यामागची भूमिका पटत नाही. वसुलीचा हक्क मालकाचाच; मात्र तो बजावणे फार कठोर होईल तिथे हात आखडावा, असा तिचा सूर आहे. म्हणजे लिपिकाला जे मिळते ती दया. माझे म्हणणे असे, की हिशेब करण्याचा अधिकार ज्याच्या हाती, चुकीचा भारही त्याचाच. आणि जो पैसा जादा असल्याची जाणीव घेणाऱ्याला नव्हती, जो मिळवण्यासाठी त्याने काही लपवले नाही, तो पैसा मुळात ऋण होतच नाही.

भागवताच्या दशम स्कंधात नृग राजाची कथा आहे. दान दिलेली गाय चुकून राजाच्या खिल्लारात परत मिसळली आणि राजाने ती नकळत दुसऱ्या ब्राह्मणाला दिली. दोघे भांडत दारी आले. राजाने बदल्यात लाख गाई देऊ केल्या, कोणी ऐकले नाही. पुढे राजा सरडा होऊन कोरड्या विहिरीत पडला. कथेचा रोख ब्रह्मस्वाच्या, म्हणजे ब्राह्मणाच्या धनाच्या, पावित्र्यावर आहे, हे खरे. पण चूक दफ्तराची, आणि शिक्षा दफ्तराच्या धन्याला! गाय ज्याला चुकून मिळाली, त्या ब्राह्मणाच्या माथी कथाकाराने कसलाही दोष मारलेला नाही. आमच्या वसुलीच्या आदेशात नेमके उलटे घडते.

यावर पहिला आक्षेप सार्वजनिक पैशाचा. 2012 च्या चंडीप्रसाद उनियाल निकालात न्यायालयानेच म्हटले, की हा करदात्यांचा पैसा आहे. चुकून गेला तरी परत घेता येतो. यवतमाळात हा आक्षेप अधिक बोचतो. कापूसवाल्याला बँक पीककर्जाचा हप्ता सोडत नाही, मग बाबूला का सोडावे? पण शेतकऱ्याने कर्ज कर्ज म्हणून घेतलेले असते, रक्कम आणि मुदत त्याला ठाऊक असते. लिपिकाने मजुरी म्हणून घेतलेले निवृत्तीच्या दिवशी कर्ज ठरवले जाते. कर्जदाराच्या हालांशी तुलना करून मजुराला कर्जदार बनवता येत नाही. शेतकऱ्यावरचा अन्याय दूर करायचा तर तो वेगळा हिशेब आहे, आणि तोही सरकारकडेच मागायचा.

दुसरा आक्षेप हमीपत्राचा. वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा रक्कम परत करीन’ असे लिहून घेतात, आणि 2016 च्या जगदेव सिंग निकालात त्यावर वसुली कायम झाली. तो मात्र न्यायिक अधिकारी होता. सही केल्याशिवाय सुधारित पगारच हाती पडत नसेल, तर लिपिकाची सही संमतीपेक्षा पोचपावतीच्या जवळची.

तिसरा आक्षेप मला सर्वांत वजनदार वाटतो: आस्थापनेवरचा लिपिक स्वतः दुसऱ्यांची वेतननिश्चिती करतो, त्याला स्वतःची चूक कळली नाही हे कसे मानायचे? एक पैचा हिशेब जुळेना म्हणून एकनाथ रात्रभर जागल्याची आख्यायिका तर आपल्याकडे घरोघरी ठाऊक आहे. ज्याने जाणून गप्प राहणे पत्करले, किंवा स्वतःच वेतननिश्चितीचा तक्ता फिरवला, त्याच्याकडून जरूर वसूल करा; तिथे वर्ग 3 ची ढालही नको. पण ते जाणणे सरकारने सिद्ध करावे. आज गृहीत उलटे आहे. शिवाय त्या तक्त्यावर कार्यालयप्रमुखाची सही असते, लिपिकाची नव्हे.

पुढचे निवृत्तिवेतन योग्य मूळ वेतनावर बसवण्यात मात्र काही गैर नाही. चूक उमगल्यावर ती चालू ठेवण्याचा हक्क कुणालाच नसतो. प्रश्न फक्त मागच्या वर्षांचा, आणि ती वर्षे साठतात कारण पडताळणी निवृत्तीपर्यंत रेंगाळते. वेतननिश्चितीनंतर दोन-तीन वर्षांतच पथकाने सेवापुस्तक पाहिले, तर 600 रुपयांची चूक काही हजारांवर थांबेल आणि नोकरीत असतानाच, बोलून-समजावून, मिटेल.