चौकशीला कागद हवा

घरचे भांडण ठाण्यात गेले की माणसाचा छळ अटकेनेच सुरू होतो असे नाही. अनेकदा एक फोन पुरतो : ‘ठाणेदार साहेबांनी बोलावलंय, आईलाही आणा.’ कोणत्या कलमाखाली, आरोपी म्हणून की साक्षीदार म्हणून, याचा उल्लेख नसतो. दिवसभर बाकावर बसवून ‘उद्या या’ म्हटले, तर त्या दिवसाची नोंदही कुठे उरत नाही. अटक झालेला माणूस चोवीस तासांत न्यायदंडाधिकाऱ्यापुढे येतो. नुसता बसवून ठेवलेला कोणापुढेच येत नाही. म्हणून अशा वेळी कोर्टाकडे संरक्षण मागणाऱ्याला चौकशी टाळणारा समजणे चूक आहे. बोलवायचे तर लेखी बोलवा, एवढीच बहुधा त्याची मागणी असते.

बेळगाव जिल्ह्यातील मुरगोडचे प्रकरण पाहा. सज्ञान, शिकवण्याचे काम करणाऱ्या तरुणीने घरच्यांच्या मर्जीविरुद्ध लग्न केले आणि वडिलांनी ती हरवल्याची तक्रार दिली. तिने आपण विवाहित असून पतीसोबत राहतो असे कळवल्यावर विषय संपायला हवा होता. तपास अधिकारी मात्र ठाण्यात येऊन जबाब देण्यावर अडून बसला. न आल्यास पतीवर अपहरणाचा गुन्हा दाखल होईल, असेही त्याने सुनावले. 8 फेब्रुवारी 2021 रोजी सर्वोच्च न्यायालयाने गुन्हा रद्द केला, अधिकाऱ्याला समुपदेशनाला पाठवायला सांगितले आणि अशी प्रकरणे हाताळण्यासाठी पोलिसांना मार्गदर्शक सूचना व प्रशिक्षणाची व्यवस्था करण्याचा आदेश दिला. सुटका झाली खरी, पण त्यासाठी दिल्ली गाठावी लागली.

दबाव पोलिसांवरही येतो. सप्टेंबर 2022 मध्ये अमरावतीच्या राजापेठ ठाण्यात तत्कालीन खासदार नवनीत राणा यांनी एका बेपत्ता तरुणीवरून ‘लव्ह जिहाद’चा आरोप करत गोंधळ घातला. ती साताऱ्यात सापडली आणि रागाच्या भरात स्वतःच घर सोडल्याचे तिने सांगितले. समोर असा जमाव उभा असताना ठाणेदारालाही लेखी प्रक्रियेचाच आधार उरतो.

हा कागद कायद्यात आहेच. सर्वोच्च न्यायालयाच्या अर्णेश कुमार निकालाने (2 जुलै 2014) विवाहितेच्या छळाच्या 498-अ कलमासारख्या, सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत सरसकट अटकेला लगाम घातला. आज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 35 अटकेऐवजी नोटिसीची वाट देते. ती नोटीस व्हॉट्सअ‍ॅपवर चालणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2025 मध्ये बजावले. कलम 179 प्रमाणे स्त्रीला साक्षीदार म्हणून ठाण्यात बोलावता येत नाही. मात्र सासूचे नाव आरोपींत आले की ती सवलत गेली. साठीपुढच्या आरोपीच्या अटकेला उपअधीक्षकाची परवानगी लागते, पण तीन वर्षांहून कमी शिक्षा असेल तरच. छळाच्या गुन्ह्याची कमाल शिक्षा नेमकी तीन वर्षे!

यावर रास्त आक्षेप असा की पोलिसांचे हात बांधले तर छळ सोसणाऱ्या सुनेचे काय? 22 जुलै 2025 रोजी मूळचे अमरावतीचे तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या खंडपीठाने अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या ज्या सूचना उचलून धरल्या, त्यांत गुन्हा नोंदल्यावर दोन महिने अटक नको, अशी अट आहे. मला ती पटत नाही. मार खाणाऱ्या बाईला दोन महिने फार. त्याच सूचनांत कुटुंब कल्याण समित्याही आहेत, आणि तशीच व्यवस्था 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नाकारली होती. लेखी नोटिसीची सक्ती मात्र तिच्या तक्रारीच्या आड येत नाही. उलट तिलाही ‘घरगुती मामला आहे, मिटवून टाका’ असेच तोंडी सांगितले जाते. ठाणेदार फुकटात आणि झटपट समेट घडवतो हे खरे, पण कोठडीच्या धाकाने दिलेल्या होकाराला समेट म्हणवत नाही.

खरी अडचण अंतराची आहे. अटकपूर्व जामीन अमरावती-अकोल्याच्या सत्र न्यायालयात मागता येतो. अर्णेश कुमारचा आदेश मोडल्याबद्दल अवमानाची दाद मागायची, तर नागपूर खंडपीठच गाठावे लागते : अमरावतीहून सुमारे दीडशे, अकोल्याहून सुमारे अडीचशे किलोमीटर. विधी सेवा प्राधिकरण स्त्रियांना उत्पन्न न पाहता वकील देते, पण मजुरी बुडवून तारखेला जाणे ज्याचे त्यालाच. म्हणून अटकपूर्व अर्ज ऐकतानाच सत्र न्यायाधीशांनी सरकारी वकिलाला विचारावे : अर्जदाराला आजवर किती वेळा बोलावले, आणि त्यातली कोणती वेळ स्टेशन डायरीत आहे?