शीळ आणि तबकडी

अमुक गायकाचा ‘पहिला अल्बम’ आला असे आपण सहज म्हणतो. पण जात्यावरच्या ओवीला कुठे होते पहिलेपण? एकीने म्हटली, दुसरीने तिच्यात आपल्या भावाचे नाव ओवले, तिसरीने ती सासरी नेली. ती आधी कोणी गायली, हा प्रश्न दळणाऱ्या बाईला कधी पडला नाही. गाण्याला पहिलेपण आले ते तबकडीमुळे. आवाज लाखेच्या चकतीवर कोरला गेला, त्याला नाव मिळाले, क्रमांक मिळाला, किंमत लागली.

बुलढाणा जिल्ह्यापुरते बोलायचे तर ही गोष्ट मेहकरातून सुरू होते. ना. घ. देशपांडे १९०९ साली सेंदुरजनला जन्मले आणि पैनगंगेकाठच्या मेहकरात वकिली करत राहिले. त्यांची ‘शीळ’ ही कविता जी. एन. जोशी यांनी गायली आणि तिसाच्या दशकाच्या आरंभी तिची एचएमव्ही कंपनीची तबकडी निघाली. मराठी भावगीताच्या अगदी पहिल्या पावलांत तिची गणना होते. कवी वकील, गायकही वकिलीची परीक्षा दिलेला, आणि कवितेतली बोली मात्र शेतारानातल्या मुलीची. रानातून प्रियकराची शीळ येते आणि तिची कुचंबणा होते, एवढाच प्रसंग. तोही तबकडीवर पुरुषाच्या आवाजात.

ही बनावट म्हणायची का? ग्रामीण गाण्याबद्दल हा संशय जुना आहे आणि फक्त आपल्याकडचा नाही. अमेरिकेत ज्याला कंट्री संगीत म्हणतात, त्याची जन्मकथा सांगताना १९२७ च्या ऑगस्टमधल्या ब्रिस्टल गावाचे नाव हमखास निघते. व्हिक्टर कंपनीसाठी राल्फ पीअर यांनी तिथे टोप्यांच्या व्यापाऱ्याच्या इमारतीत यंत्रे मांडली आणि डोंगराळ भागातल्या गायकांना बोलावले. तिथेच जिमी रॉजर्स पहिल्यांदा ध्वनिमुद्रित झाला. तो रेल्वेत काम केलेला माणूस. त्याची खासियत म्हणजे योडेल: शब्द सोडून गळ्यातून उसळणारी हाक. आल्प्सच्या गुराख्यांची ती हाक रेल्वेच्या माणसाने अमेरिकेत गायली आणि लोकांनी तिला आपल्या मातीचे गाणे मानले. व्हिक्टरच्या तबकडीवर कर्ण्यासमोर कान टवकारून बसलेला कुत्रा होता. एचएमव्हीच्या तबकडीवरही तोच.

दोन्हीकडे एकच अट होती. ७८ फेऱ्यांच्या दहा इंची तबकडीची एक बाजू जेमतेम तीन मिनिटांची. यंत्राला चावी द्यायची, सुई बदलायची, ती हलक्या हाताने टेकवायची; आधी खरखर, मग आवाज. सुरात रमायला वेळ नाही, म्हणून शब्द पुढे आले. गायकाला चांगली कविता लागू लागली. आपल्या भावगीताचा आटोपशीरपणा रसिकतेइतकाच या तीन मिनिटांच्या काटकसरीतून आला आहे. रात्रभर चालणाऱ्या भजनाला ही काटकसर मानवली नसती, आणि दळण सरेपर्यंत लांबणाऱ्या ओवीलाही नाही.

म्हणून तबकडीचा हिशेब एकतर्फी मांडता येत नाही. मुलीच्या बोलीतली कविता घरोघर पोचली; ती बोली जिची होती, ती दळणारी बाई बाहेरच राहिली. हेमा रायरकर आणि गी पॉइतवाँ यांनी पुढे गावोगाव फिरून ओव्यांचा लाखावर संग्रह केला तेव्हा कुठे त्या बाया आपापल्या नावागावानिशी नोंदल्या गेल्या.

तरीही मला ‘शीळ’ खोटी वाटत नाही. शीळ म्हणजे माणूस दिसत नसताना ऐकू येणारा त्याचा आवाज. तबकडीही नेमके तेच करते: गाणारा समोर नाही, आणि त्याचा आवाज मात्र माजघरात. त्या मुलीला रानातून येणाऱ्या आवाजाने जसे कासावीस केले, तसे तबकडी ऐकणाऱ्यालाही केले असणार. नव्या यंत्राचा अनुभव जुन्या रानात आधीच होता. मेहकरच्या कवीने तो ओळखला होता, यंत्राचा विचारही न करता.

जोशी पुढे एचएमव्हीतच ध्वनिमुद्रणाचे काम पाहू लागले. १९६७ चा ‘कॉल ऑफ द व्हॅली’ हा शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया आणि ब्रिजभूषण काब्रा यांचा अल्बम त्यांच्याच निर्मितीतला. तोही एका मेंढपाळाच्या दिवसाभोवती बांधलेला! देशपांडे मेहकरातच राहिले. ‘शीळ’ हा त्यांचा पहिला संग्रह १९५४ साली आला, म्हणजे तबकडीनंतर वीसेक वर्षांनी. ‘खूणगाठी’ या संग्रहाला १९८६ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला.

आज तालुक्याच्या गावी बसून मोबाइलवर गाणे ध्वनिमुद्रित करणाऱ्या पोराला तबकडीचीही गरज नाही आणि तीन मिनिटांची अटही नाही. पहिले गाणे संध्याकाळपर्यंत जगभर. घाई मात्र वाढली आहे. ‘शीळ’ लिहिणाऱ्याचे गाणे पुढे गेले, तो मागे आपल्या गावात वकिली करत राहिला, आणि पुस्तक सवडीने आले. आवाज निघून गेल्यावर माणसाने जागेवर थांबायचे असते, हे शीळ घालणाऱ्याला कोणी शिकवावे लागत नाही.